चालू न केलेल्या गाडीची दुरुस्ती

करंजाडे,
गुरुवार, दुपार

श्रीयुत जावईबापू प्रितेशराव यांस,

सासरे दादू घरत यांचा आधी नमस्कार घ्यावा. (वयाने मी मोठा, पण सध्या अधिक महिना चालू आहे आणि या महिन्यात जावई देवाच्या खालोखाल, असं आमच्या घरात ठरलेलं आहे. तेव्हा नमस्कार माझ्याकडून.) आपली तब्येत कशी आहे? कंटेनरच्या यार्डात दिवसभर उन्हात उभं राहून आपल्याला पित्त झालं असं आमची लेक कीर्ती सांगत होती. कोकमाचं पाणी घ्यावं, चहा कमी करावा. आमच्याकडे सगळं ठीक. माझा डावा डोळा मोतीबिंदू काढल्यापासून लख्ख दिसतो, उजवा अजून विचार करतो आहे. आपल्या सासूबाई सोनाबाईंची कंबर अधूनमधून धरते, आवाज मात्र शाबूत आहे. उलव्याच्या फ्लॅटचा ताबा मिळाला हे ऐकून फार समाधान वाटलं. रविवारी आपण धोंड्याचं जेवायला यायचं आहे आणि जाताना आपला कॉम्प्युटर न्यायचा आहे, हेही कळलं. त्या कॉम्प्युटरबद्दलच चार शब्द लिहितो. फोनवर बोललो असतो, पण या घरात फोनवर बोललेलं सगळं स्वयंपाकघरात ऐकू जातं.

आपण आठ महिन्यांपूर्वी उरणच्या खोलीतली खारी हवा बाधेल म्हणून कॉम्प्युटर आमच्याकडे आणून ठेवलात, तेव्हा मला बजावून सांगितलं होतंत की बाबा, बातम्या बघा, भजनं ऐका, फक्त त्या ट्रकच्या खेळाला हात लावू नका, त्यात माझी तीन वर्षांची मेहनत आहे. मी मान डोलावली होती. आता आपल्या त्या खेळाची सेटिंग जागेवर नाहीत. सुरुवातीला मला वाटलं विजेच्या लपंडावाने झालं असेल. (आमच्या सेक्टरमध्ये वीज दिवसातून तीनदा जाते, त्यामुळे असं वाटायला भरपूर जागा आहे.) पण खोटं किती बोलणार? एकतीस वर्षं पनवेल डेपोत एसटीवर ड्रायव्हर होतो, अपघाताच्या रिपोर्टमध्येसुद्धा कधी खोटं लिहिलं नाही. तो खेळ मी चालू केला. एकदा नाही, रोज.

यात चूक आपलीही आहे, हे नम्रपणे सांगतो. टेबलाला घट्ट आवळलेलं स्टिअरिंग, खाली क्लच-ब्रेकची पेडलं, बाजूला गिअरचा दांडा, असा सगळा संसार निवृत्त ड्रायव्हरच्या घरात ठेवायचा आणि वर म्हणायचं हात लावू नका. मांजराच्या पुढ्यात ताजा बांगडा ठेवून त्याला भजन ऐकायला सांगण्यातला प्रकार आहे. डोळ्याच्या ऑपरेशननंतर माझ्या स्कूटरची चावीसुद्धा सोनाबाईंच्या कमरेला गेली. घरातले सगळे म्हणतात, आता आराम करा. आराम किती करायचा याचा आकडा कोणी सांगत नाही.

आता सेटिंगचं. दुसऱ्या ड्रायव्हरच्या हातची गाडी ताब्यात आली की पहिलं काम काय? सीट लावायची, आरसे लावायचे, ब्रेक दाबून बघायचा. ही डेपोची सवय, ती हाडात आहे. आपल्या ट्रकचं स्टिअरिंग डावीकडे होतं, ते उजवीकडे घेतलं. आरसे मोठे केले. ब्रेक फारच हळवा होता, नुसतं बोट लावलं की गाडी नाक घासायची, तो आपल्याकडच्यासारखा जड केला. हॉर्न कुठल्या कोपऱ्यातल्या बटणावर लपवला होता तो हाताशी आणला. (खेळातल्या त्या जर्मनीत कोणी हॉर्न वाजवत नाही. मी वाजवला तर समोरचा बाजूसुद्धा होत नाही. कर्नाळ्याच्या वळणावर असं वागून दाखवा म्हणावं.) दंडाची भानगड बंद केली, कारण पहिल्या दिवशी मला अकरा वेळा दंड झाला. हे सगळं ठीक चाललं होतं. मग उजव्या डोळ्याला पाट्या नीट दिसेनात म्हणून स्क्रीनचा आकार मोठा करायला गेलो, आणि तिथे घात झाला. पडदा काळाकुट्ट झाला. इंजिनाचा आवाज येतो, हॉर्न वाजतो, दिसत काही नाही. म्हणजे गाडी चालू, पण काचेवर घोंगडी टाकलेली.

असं झालं की माणूस काय करेल? पुन्हा चालू करून बघेल, बटणं दाबेल, काही ना काही करेल. ते मला करता येत नाही, कारण नेमक्या त्याच दिवशी आपल्या मातोश्री भामाबाई आमच्याकडे आल्या. हा प्रसंग त्यांनी आपल्याला त्यांच्या पद्धतीने सांगितला असेलच, आता माझी बाजू ऐका. सोनाबाई बाजारात गेल्या होत्या. मी काळ्या पडद्यावर गाडी थांबवायच्या खटपटीत होतो. हायवेवर, मागे वाहनं, बाजूला घ्यावी तर बाजू दिसत नाही. दाराची बेल वाजली. चालत्या गाडीतून ड्रायव्हर उठत नाही, हा नियम आहे. बेल पुन्हा वाजली. मी ओरडून सांगितलं की दोन मिनिटं थांबा, लोड घेऊन चाललोय. ती दोन मिनिटं वीस मिनिटांची झाली असतील, मी नाकारत नाही. सोनाबाई परत आल्या तर विहीणबाई जिन्याच्या पायरीवर सुक्या बोंबलांची टोपली मांडीवर घेऊन बसलेल्या. पुढचं लिहीत नाही. एवढंच की सोनाबाईंनी मला देव्हाऱ्यासमोर उभं केलं आणि म्हणाल्या, “एकवीरा आईची आन हाय तुमाला, ह्यो खेळ पुन्ना चालू केलाव तर.” भामाबाई साक्षीला होत्याच, बोंबलांसकट.

मी आण घेतली. आता गंमत बघा. खेळाची सेटिंग मूळ जागी आणायची आहेत, आणि खेळ चालू करायचा नाही. रविवारी आपण येणार, गाडी ताब्यात घेणार. डेपोचा नियम असा की गाडी जशी मिळाली तशीच पुढच्याच्या हाती द्यायची. मी कधी कोणाला आरसा वाकडा करून गाडी दिली नाही, आणि जावयाला आंधळी गाडी देऊ?

पहिला उपाय मी टीव्हीच्या डब्यावरून शिकलेला केला. कॉम्प्युटरचा प्लग काढला आणि दोन दिवस तसाच ठेवला, म्हणजे कॉम्प्युटर सगळं विसरेल. तिसऱ्या दिवशी लावला. विसरला का? कसं कळणार? कळायला खेळ चालू करायला हवा. इथून पुढे हेच रडगाणं आहे, जावईबापू. वर्कशॉपमध्ये मेकॅनिक ब्रेक दुरुस्त करतो तेव्हा ड्रायव्हर एक फेरी मारून येतो आणि सांगतो झाला की नाही. मला सगळं करायचं आणि फेरी मारायची नाही.

दुसरा उपाय म्हणून पडद्यावरचं ते ट्रकचं चित्र मी काढून टाकलं. विचार असा की चित्र गेलं की त्याच्या पाठोपाठ सेटिंग जातील. चित्र गेलं, आणि मग माझ्या मनात आलं, की यात जावयाची तीन वर्षांची मेहनतही गेली काय. सोनाबाई मात्र मागे उभ्या होत्या, त्या खूश. त्यांनी साखर घातलेला चहा दिला. (मला साखर बंद आहे.) तो चहा मी तसाच बाजूला ठेवला. अमजदला फोन लावला. अमजद म्हणजे बाजारातला मोबाईलवाला, माझा जुना पॅसेंजर, रोज उरणहून माझ्या पहिल्या गाडीने यायचा. तो हसला. म्हणाला, “दादूभाई, बसची पाटी काढली म्हणून बस भंगारात जाते का? पाटीच गेलीय. पडद्यावरच्या कचऱ्याच्या डब्यात बघा, तिथं पडली असंल.” होती. ती परत लावली. सोनाबाईंनी दुसरा चहा दिला नाही.

मग अमजदने खरी गोष्ट सांगितली, आणि ती एवढी सोपी होती की मला स्वतःचाच राग आला. खेळाची सेटिंग एका वेगळ्या फाईलमध्ये लिहिलेली असतात. आपली कमाई, आपले ट्रक, ते सगळं दुसऱ्या फाईलमध्ये. सेटिंगच्या फाईलचं नुसतं नाव बदलायचं. पुढच्या वेळी खेळ चालू होताना त्याला ती सापडत नाही, मग तो आपणहून नवीन बनवतो, कंपनीतून आली तशी. खेळ चालू न करता सेटिंग मूळ जागी. अट एकच, चुकून दुसऱ्या फाईलला हात लागता कामा नये.

काल दुपारी बसलो. डाव्या डोळ्यासमोर भिंग, कानाला फोन, फोनमध्ये अमजद, मागे सोनाबाई मोबाईलची बत्ती धरून. (उजेड भरपूर होता. बत्ती माझ्या बोटांवर होती.) फोल्डर सापडला, तर त्यात एकसारख्या नावाच्या तीन फाईली. अमजद म्हणतो मोठी नको, छोटी. मोठी-छोटी कशी ओळखायची यावर आम्ही अर्धा तास भांडलो, तेवढ्यात त्याच्या दुकानात गिऱ्हाईक आलं आणि त्याने मला फोनवर ताटकळत ठेवलं ते ठेवलंच. शेवटी म्हणाला, उघडून बघा, ती नुसत्या अक्षरांची असते, बिघडत नाही काही.

उघडली. इंग्रजी शब्द आणि पुढे आकडे, अशा ओळीच्या ओळी. मला इंग्रजी बोर्ड वाचण्यापुरतं येतं, पण तेवढ्यावर कळलं. ही आरशाची ओळ, मी लावलेली. ही ब्रेकची. ही हॉर्नची. ही स्टिअरिंगची. पडदा काळा झाल्यापासून महिनाभर ही गाडी मी पाहिली नव्हती, आणि ती सगळी तिथे होती, माझ्या हातची, माझ्या सीटच्या उंचीसकट. खरं सांगतो, मला वाईट वाटलं. डेपोत शेवटच्या दिवशी गाडी लावून चावी दिली होती, तेव्हा हारतुरे होते, म्हणून काही वाटून घ्यायला वेळ मिळाला नाही. काल मिळाला. सोनाबाई म्हणाल्या, “काय झाला? गप का झालाव?” मी म्हटलं, नाव काय द्यायचं याचा विचार करतोय.

मग नाव बदललं. तर गाडी आता तयार असावी. असावी म्हणतो, कारण चालू केलेली नाही. रविवारी आपणच पहिली फेरी मारावी. पडदा काळा निघालाच तर कृपा करून सोनाबाईंसमोर काही बोलू नये. माझ्याकडे बघून फक्त ‘उत्तम’ म्हणावं.

आपल्या मातोश्रींना माझा नमस्कार आणि पुन्हा एकदा माफी सांगावी. कीर्तीला आशीर्वाद. हे पत्र अमजद उद्या उरणला जाताना आणून देईल, त्याला चहा पाजावा.

आपला,
दादू घरत

ता. क. १. मुख्य मुद्दा राहिला. फाईल मी पुसलेली नाही. ‘dadu’ या नावाने तिथेच ठेवली आहे. आता नीट वाचा. रविवारी ताट वाढलं की आपण रुसायचं. लग्नात रुसला नव्हतात, तेव्हा आपला तो हक्क शिल्लक आहे. सासूबाई विचारतील काय हवं, अंगठी की कपडे? आपण म्हणायचं, काही नको, कॉम्प्युटर अजून महिनाभर इथेच राहील, आणि बाबांनी रोज तासभर गाडी चालवून ठेवली पाहिजे, नाहीतर मशीन बसतं. त्याशिवाय घास घेणार नाही. अधिक महिन्यात जावयाला नाही म्हणायची या बाईची हिंमत नाही. आण त्यांनी घातली, तेव्हा ‘सुटली’ हेही त्यांनीच म्हणायला हवं. लहानपणापासूनचा नियम आहे. एवढं कराच, प्रितेशराव. मी कधी काही मागितलं नाही.

ता. क. २. (संध्याकाळ.) पत्र बंद करायला डिंक आणायला गेलो, तेवढ्यात सोनाबाईंनी ते वाचलं. दोन वेळा. मी दारातच उभा राहिलो. मला वाटलं आता स्टिअरिंग खिडकीतून खाली जाणार. त्या म्हणाल्या, “जावयाला ताटावर उपाशी बसवताव? लाज हाय का?” मग पत्राची घडी घातली. मग म्हणाल्या, “एकतीस वर्सं गाडी चालवलीव. गावभर लोकांना फिरवलाव. मला कधी बाजूला बसवलीव?” मी आठवत राहिलो. आठवलं नाही, कारण बसवली नव्हती. ड्युटीवर घरचं माणूस पुढे घेत नसत, आणि ड्युटी संपली की मला गाडीचं तोंड बघवत नसे.

त्यांनी देव्हाऱ्याकडे बघून ‘सुटली’ म्हटलं. अट घातली आहे. तेव्हा रविवारी आपण रुसू नये, पोटभर जेवावं, फक्त कॉम्प्युटर नेऊ नये. आणि जेवण झाल्यावर मला एवढं दाखवावं, की त्या खेळात ड्रायव्हरच्या बाजूच्या सीटवरून रस्ता कसा बघतात, त्याचं सेटिंग कुठे असतं. सोनाबाई खुर्ची आत्तापासून टेबलाला लावून बसल्या आहेत.