बारा वाजेपर्यंतचं राष्ट्रीय चॅनेल

राहनाळ, ता. भिवंडी
१२ डिसेंबर २००६

सुधीर,

तुला राहनाळहून पंढरीचा रामराम, सरलावहिनींना नमस्कार आणि नोएडाच्या थंडीला माझ्याकडून दोन शिव्या. इकडे सगळी ठीक आहेत. माझा गुडघा कुरकुरतो. तुझ्या कमळवहिनीची साखर वर-खाली होते (ती स्वतः मात्र एका जागी बसून मला कामं सांगते). भात झोडून झालं. पत्र लिहायची मला सवय नाही, पण फोनवर तू "मीटिंगमध्ये आहे" यापुढे काही बोलत नाहीस, म्हणून कागद घेतला. शाळेत माझे ऱ्हस्व-दीर्घ सुधारून घ्यायचास, तसेच सुधारून वाच.

तुमचं हिंदी बातम्यांचं चॅनेल उभं राहताना तू पाठवलेलं पत्र मी ओट्यावर सगळ्यांना वाचून दाखवलं होतं. भिंतींचा गिलावा ओला, निम्मी यंत्रं खोक्यात, आणि तरी दीड महिना रोज पूर्ण बातम्या वाचायच्या. त्या कुठेच दिसत नाहीत, नुसता सराव! माझी बहीण हौसा म्हणाली, "कुनी आयकत न्हाय, तरी रोज बोलतात? आपली ग्रामसभाच हाय की." मी तिला गप्प केलं. वीस वर्षं तू मुंबईच्या पेपरला भिवंडीच्या बातम्या पाठवल्यास आणि वीस वर्षं मी तुला स्कूटरवरून बातमीपर्यंत नेलं. नारपोलीत लूम बंद पडोत की गणेशपुरीच्या रस्त्याला एसटी कलंडो, मी पुढे आणि तू मागे डायरी सांभाळत. तो माणूस पन्नाशीत सगळ्या देशाच्या बातम्या करायला जातो, याचा मला अभिमानच वाटला. (तू गेलास त्या दिवशी मी जेवलो नाही, ते उपास होता म्हणून. वार कोणता होता ते विचारू नकोस.)

तर चॅनेल सुरू होणार म्हणून मी आठ दिवस आधी आमच्या केबलवाल्या नामाकडे गेलो. त्याने हात वर केले. म्हणाला, जागाच नाही, एक लावायचं तर एक काढावं लागेल. मी म्हटलं, कोणतंही काढ, देशाचा प्रश्न आहे. त्याने कोणतंही काढलं, ते नेमकं भजनाचं निघालं. आमची गुणाबाई आत्या ऐंशीच्या पुढची. तिने आरडाओरडा केला नाही. टाळ घेतले, नामाच्या ऑफिससमोर स्टूल टाकलं आणि स्वतःच सुरू केलं. दोन दिवस नामाला फोनवर कुणाचं काही ऐकू आलं नाही. तिसऱ्या दिवशी तडजोड झाली: सकाळी सहा ते बारा तुमचं चॅनेल, बारानंतर भजन. तेव्हा तुमच्या मालकांना कळव, चॅनेल राष्ट्रीय आहे, पण राहनाळात बारा वाजेपर्यंतच.

उद्घाटन शुक्रवारी, आणि शुक्रवारी इकडे वीज नसते. मी गोदामातून जनरेटर आणला, मंडपवाल्याकडून खुर्च्या आणल्या. दहाच्या ठोक्याला चाळीस-पन्नास माणसं अंगणात. (सुधीर टीव्हीवर दिसणार, असं मी गावभर सांगून ठेवलं होतं. तू पडद्यामागे काम करतोस हे मला ठाऊक होतं. पण पडदा म्हटला की कधीतरी हलतोच.) सुरुवात झोकात झाली. निवेदिका काचेच्या खोलीत बसलेली आणि तिच्या मागे तुमचं अख्खं ऑफिस दिसत होतं. पन्नास माणसं निवेदिकेकडे न बघता तिच्या खांद्यावरून मागे बघत होती. अर्थमंत्री काय म्हणाले ते कुणाला विचारू नकोस. साडेअकरापर्यंत तू काही आला नाहीस. वडे मात्र संपले.

माणसं उठायला लागली, तेवढ्यात खालच्या पट्टीवर लाल अक्षरांत आलं: भिवंडी में गोदाम में भीषण आग. अरे, भिवंडीची गोदामं म्हणजे आम्हीच! अंगण एका क्षणात रिकामं. कुणी बादली घेतली, कुणी फोन लावला, मी एका पायात चप्पल घालून पुढे धावलो. गुडघा दुखतो हे मला नंतर आठवलं. तिकडे पोचलो तर माझ्या गोदामाचा वॉचमन दीपेश उन्हात खाट टाकून डबा खात होता. मी ओरडलो, "अरे आग कुठं हाय?" त्याने शांतपणे भाकरी मोडली. "आग? कवा लागली? मना कोनी सांगला न्हाय." आम्ही सगळी गोदामं पालथी घातली. धूर फक्त एका ड्रायव्हरच्या बिडीचा होता.

घामाने निथळत परत आलो तर अंगणात फक्त कमळ आणि गुणाबाई आत्या. आणि टीव्हीवर भजन. बारा वाजून गेले होते.

कमळ म्हणाली, "भावजी दिसलं."

मला आधी कळलंच नाही. "कोन भावजी?"

"सुधीरभावजी. बाईच्या मागून पलत गेलं. अंगात सोटर, हातात कागद. बारीक झालंत." पुढे म्हणाली, "आन मंग खालची अक्षरं बदलली."

आग भिवानीला होती, तिकडे हरयाणात. कुणीतरी घाईत भिवंडी लिहिलं. आता खरं सांग, पट्टीवर गावाचं नाव दिसलं आणि तू ते सुधारायला धावलास ना? त्याच मिनिटाला मी इकडे एका चपलेवर धावत होतो. वीस वर्षांत आपण अशा किती आगी बघितल्या, पण दोघं दोन दिशांना धावलो ती ही पहिलीच. आणि नेमका मी तुला बघायचा राहिलो. पन्नास माणसांना जेवायच्या वेळेपर्यंत बसवून ठेवलं मी, आणि तू दिसलास फक्त कमळला.

तेव्हापासून रोज सकाळी सहा ते बारा मी तुझं चॅनेल लावतो. देशाची परिस्थिती मला आता बरीच कळते. कमळ म्हणते, बातम्या ऐकताना माणूस एवढा पुढे वाकून बसत नाही.

मुलांना आशीर्वाद. स्वेटरखाली बनियन घालत जा.

तुझा,
पंढरी

ता. क. तू मागच्या पत्रात विचारलेलं लिहायचं राहिलंच. भिवंडीतल्या तुझ्या विकायच्या ब्लॉकसाठी दोन गिऱ्हाइकं येऊन गेली. मी त्यांना सांगितलं, इमारतीत पाणी येत नाही. (दोन वेळा येतं, भरपूर.)

पुन्हा ता. क. परवा तिसरं आलं, नवराबायको, दोघंही शिक्षक. त्यांना घर फार आवडलं, त्यांनी नळ उघडून बघितला. मग माझा नाइलाज झाला. सांगून टाकलं, मालक होळीला कायमचे परत येतायत. तुझं तिकडचं काम मोठं आहे, हे मला कळतं. कायमचं जाऊ दे. पण निदान होळीला ये, आणि दोन दिवस त्या घराची दारं उघडी ठेव. ते दोघं रोज त्याच रस्त्याने शाळेत जातात.