जातो, पण जेवून जातो

मी मुरलीधर टिपणीस, वय ७६, निवृत्त लॅब टेक्निशियन, राहणार लीड्स, हे स्वखुशीने आणि पूर्ण शुद्धीवर लिहितो. गुडघे गेलेत, डोकं शाबूत आहे. यापूर्वीची मृत्युपत्रे रद्द समजावीत.

१. घर व बँकेतली शिल्लक मुलगी आसावरी हिला. किचन तिने खुशाल बदलावं, पण आईचं इडलीपात्र चॅरिटी शॉपला देऊ नये.

२. माझी दिवंगत पत्नी श्यामला मदुराईची. तिचं तमिळ मी कॅसेटवरच्या विनोदी सिनेमांतून शिकलो. एकात एक फुकट्या पाहुणा होता. घराबाहेर काढला की दारात म्हणायचा, "पोरेन्, आना साप्पिट्टु पोरेन्." जातो, पण जेवून जातो. घरची बाई वैतागून म्हणायची, "इलै पोट्टाच्चु." पान मांडलंय. आमचं भांडण झालं की मी कोट चढवून दारात हेच म्हणायचो, ती तेच उत्तर द्यायची. चव्वेचाळीस वर्षं आमची भांडणं तिथेच मिटली.

३. व्हीसीआर मेव्हणे सुंदरम्, मँचेस्टर, यांना. सोबत ती कॅसेट मिळणार नाही, कारण १९९१ साली नेऊन त्यांनी तिच्यावर बागकामाचा कार्यक्रम टेप केला. तेव्हापासून मी त्यांच्याशी कामापुरतंच बोललो.

४. हे कलम सॉलिसिटरला नको होतं. हॉस्पिटलात शेवटच्या दुपारी श्यामला माझ्याकडे बघून म्हणाली, "पोरेन्..." निघताना 'जातो' कुणी म्हणत नाही, आमच्याकडेही नाही, त्यांच्याकडेही नाही. मी घाबरलो. "असं अभद्र बोलू नकोस गं," म्हणून तिला गप्प केलं. ती नुसती हसली. संध्याकाळी गेली. ती काय म्हणत होती, ते मला घरी येऊन कोट काढताना कळलं. उत्तर द्यायचं राहिलं, याचं मला फार वाईट वाटतं.

म्हणून माझी शवपेटी घरातून निघताना सुंदरम् यांनी दारात माझ्या वतीने ते वाक्य म्हणावं. तो सूर आता त्यांनाच जमतो, हे कबूल. आसावरीने, रडत असली तरी, आतून उत्तर द्यावं. सुतक वगैरे पाळू नये, सांबार बाहेरून मागवावं. दोन पानं जास्त मांडावीत. एक माझं, एक तिचं राहिलेलं.

सही: मु. टिपणीस
साक्षीदार, दोघेही शेजारी: विनय राजाध्यक्ष, रश्मी कोठारे
लीड्स, ९ नोव्हेंबर २०२४

ता. क. साक्षीदारांना कायद्याने यातलं काही मिळत नाही. सही झाल्यावर दोघांनी जेवून जावं.