आईच्या खोलीतला डिमर

४ फेब्रुवारी, सोमवार
नवं घर झकास आहे. तिसरा मजला, मोकळी हवा. आईच्या खोलीत दिव्याला डिमर आहे, म्हणजे गोल बटण फिरवून उजेड कमी-जास्त करता येतो. तिच्या डोळ्यांचं ऑपरेशन नुकतंच झालंय; वर पातळ पट्टी, तिच्यातून फक्त उजेड-अंधार कळतो. प्रखर उजेड पडला तर नजर जाईल, असं डॉक्टरांनी बजावलंय. पलंगावरून उठायलाही मनाई. बटण अगदी मंदावर आणून मी शेजारी पेन्सिलीने खूण केली. आई म्हणाली, आमचा शंकासुर इथेही आला वाटतं.

६ फेब्रुवारी, बुधवार
संध्याकाळी दिवा आपोआप वाढला, पुन्हा उतरला. बटण खुणेवरच होतं. बल्ब घट्ट बसवला. मग डिमरवर चालणारा नवा आणून लावला. फरक नाही. वायरमनकाकांना फोन केला. ते हसून म्हणाले, दिवा तुझ्यासारखाच घाबरट दिसतो. मेन बंद कर आणि बटण उघडून बघ.

७ फेब्रुवारी, गुरुवार
उघडलं. आत एक तार जास्तीची. काका म्हणाले, मग हा जोडीतला, जिन्यातल्या दिव्यासारखा, एक दिवा आणि दोन बटणं. दुसरं बटण कुठेतरी असणार, तेच बिघडलंय. ती तार आईच्या पलंगामागच्या भिंतीत शिरते. भिंतीपलीकडे खोली नाही. नुसती हवा.

८ फेब्रुवारी, शुक्रवार
आई म्हणाली, तू हळूच येऊन उजेड सारखा करतोस, डोक्यावरून हात फिरवतोस, बरं वाटतं रे.
मी गेलो नव्हतो. तिला बोललो नाही.
काकांना न विचारताच आपला डिमर काढून टाकला. तारा थेट जोडल्या.

९ फेब्रुवारी, शनिवार
चूक केली. काकांना फोनवर सांगितलं. ते म्हणाले, अरे वेड्या, तुझं बटण गेलं, आता दिवा सगळा त्या दुसऱ्याच्या हातात.
मेन बंद केला. दिवा चालूच आहे.

संध्याकाळ
बल्ब काढायला स्टूल घेऊन गेलो तर दार आतून लावलेलं. आई उठणार नाही, ती कशी लावेल—
शेजारचे आजोबा पहार आणायला गेलेत. मी दाराला खेटून बसलोय, हाका मारतोय. ती मला उत्तर देत नाही. आत कुणाशी तरी बोलतेय. बाळा म्हणतेय त्याला. आई, मी बाहेर आहे, मी इथे—
म्हणतेय, पट्टी सोडलीस ते बरं केलंस. आता उजेड वाढव, तुझं तोंड बघू दे.
दाराखालची फट पिवळी— पांढरी—
आई, डोळे मिट, डोळे