ह्याची जवारी उघडली

सातारा, ९ फेब्रुवारी २०२५

प्रिय आसिया,

सलाम. इतके दिवस लिहिलं नाही, तुझे फोनही नुसते वाजू दिले. माफ कर. अम्मींचा गुडघा कसा आहे?

अब्बांवरची फिल्म अडली आहे. कॅमेरे तीन, आवाज वेगळ्या रेकॉर्डरवर. सुरुवातीला एक टाळी वाजवली असती, तर तिच्यावरून चित्र आणि आवाज जुळले असते. पण अब्बा म्हणाले होते, “वाद्य लागताना टाळी नको पोरी, कान बिथरतो.” मी मान डोलावली. कॅमेऱ्यांत टिपलेला आवाज तरी असेल म्हटलं, तर लग्नांचं शूटिंग करणाऱ्या आपल्या कॅमेरामननं, उंब्रजच्या भाऊसोनं, तो बंदच ठेवलेला. “मॅडम, लग्नात आवाज कोण ऐकतंय? वरनं गाणं टाकायचं की!”

अब्बांनी तू घडवलेला आणि तुझ्या भावानं, अफताबनं घडवलेला तंबोरा आलटून-पालटून छेडला. मधेच म्हणाले, “ह्याची जवारी उघडली. आता मला काळजी न्हाई.” तारांखालची घोडी नीट घासली गेली, झंकार मोकळा झाला, म्हणजे कारागीर तयार, एवढं मलाही कळलं. पण हे कुणाच्या तंबोऱ्याबद्दल? मी समोरच होते, पण नजर रेकॉर्डरच्या काट्यावर. भाऊसो कॅमेरे बंद-चालू करत होता. प्रत्येक वेळी अब्बांची मान भोपळ्यावर झुकलेली, ओठ दिसत नाहीत. तारांवरून जुळवावं, तर त्यांचा हात दोन्हींवर अगदी एका लयीत. वाक्य कुठंही ठेवलं तरी बसतं.

अब्बा गेल्यावर अफताबनं तुझ्या हातातली कानस काढून घेतली. मला फोनवर म्हणाला, “ते माझ्याबद्दलच बोलले. आवं, त्यात बघायचं काय?” तुझं सगळं या एका वाक्यावर अडलंय, हे मला कळतं. म्हणूनच परवा मी ते तुझ्या तंबोऱ्याच्या दृश्यावर ठेवलं. इतकं खरं वाटलं की मला रडू आलं. मग तेच अफताबच्या तंबोऱ्यावर ठेवून पाहिलं. तेही तितकंच खरं.

तेव्हापासून संगणक उघडवत नाही. जेवण जात नाही. चित्रात उत्तर नाही, आसिया. आवाजात आहे. त्या वाक्याआधी तंबोरा वाजतो. स्वतः घासलेली जवारी तू एका झंकारात ओळखशील. हे मला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. तरी पाठवलं नाही, कारण तो तुझा नसला तर?

पण ते ठरवणारी मी कोण?

तुझी,
शरयूताई

(माझ्या वहीत, उद्यासाठी: चित्र न जोडता, नुसता आवाज या पत्रासोबत आसियाला पाठवणे.)