उलटी नाल

४ फेब्रुवारी

तीर्थरूप काकांस,
शि. सा. न. वि. वि.

फोनवर तुम्हाला ऐकू येत नाही आणि ते कबूल करायचं नाही, म्हणून पत्र लिहिते आहे. गुडघा कसा आहे? डॉक्टरांनी जिना चढू नका सांगितलंय, म्हणजे तुम्ही दिवसातून दहा वेळा चढत असणार.

काका, बातमी वाईट आहे. आपला लंबू फिटर गेला. मागच्या मंगळवारी पंपघरात सात नंबरच्या मोटारीला हात लावला आणि तिथेच कोसळला. दवाखान्यात नेईपर्यंत काही उरलं नव्हतं. तुमच्या हाताखाली अकरा वर्षं होता, म्हणून बसून वाचा म्हणणार होते, पण ते आधी लिहायला हवं होतं.

वर आणखी एक. अहवाल यायच्या आधीच आमच्या साहेबांनी ठरवून टाकलं की हातमोजे न घालता काम केलं, हलगर्जीपणा त्याचाच. फाटकाशी सुरक्षेचा फलक आहे ना, त्यावर त्याचा फोटो लावलाय आणि खाली लिहिलंय, 'निष्काळजीपणाचा परिणाम'. त्याची बायको समोरच्या शिवणाच्या दुकानात कामाला जाते. रोज दोन वेळा त्या फोटोखालून जाते. परवा मला अडवून म्हणाली की माझा माणूस घरातला दिवा बदलतानासुद्धा आधी बटण तीनदा बघायचा, तो निष्काळजी कसा?

चौकशी समिती बसली आहे. त्यांनी तुमचं जुनं अर्थिंगचं रजिस्टर मागवलंय. त्यात आकड्यांच्या वर ओहमची खूण आहे, घोड्याच्या नालेसारखी, पण उलटी, तोंड वर. समितीत कुणालाच ती समजेना. तुम्हाला विचारून कळवायचं काम माझ्याकडे आलंय. घाईत उलटी पडली का?

तब्येतीला जपा. तुमच्या मायेवर हक्क सांगणारी,
म्हो


९ फेब्रुवारी

चि. म्हो हिस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

पत्र वाचून उठलो आणि परत बसलो. लंबूला मी पाना धरायला शिकवला ग. इतका उंच, की पंपघराच्या दारात रोज डोकं आपटायचा आणि रोज दारालाच शिव्या द्यायचा. अरेरे, काय होऊन बसलं हे!

आधी मोज्यांचं. बेअरिंग तापलंय का ते उघड्या तळहातानेच कळतं. मोजा काढून हात ठेवायचा, हे मीच त्याला शिकवलं. मोटारीचं अंग हात लावण्याजोगं असलंच पाहिजे, अर्थिंग त्यासाठीच असतं. आत वायर उघडी पडली तरी वीज अर्थिंगच्या खड्ड्यातून जमिनीत जाते, फ्यूज उडतो आणि माणूस वाचतो. खड्डा चांगला असेल तर. हे तू त्या समितीला माझ्या नावाने सांग.

आता खूण. घाईत उलटी पडायला मी काय तुझ्यासारखा आहे? ती मुद्दाम उलटी आहे. तो म्हो. ओहम म्हणजे वीज किती अडते, म्हो म्हणजे किती सहज जाते. ओहमची इंग्रजी अक्षरं मागून वाचली की म्हो; नावही उलटं, खूणही उलटी. आमच्या उमेदीत चालायचा, पुढे त्याला दुसरं नाव दिलं आणि पुस्तकातून हा गेला. पण दोन खड्डे जोडले की म्हो सरळ मिळवता येतात, ओहमला अपूर्णांकांशी झटापट करावी लागते. म्हणून मी सोडला नाही. वरिष्ठांनी दोनदा लेखी बजावलं, मी दोन्ही कागद चहाच्या कपाखाली ठेवले.

आणि तुझं नाव त्यावरूनच पडलं बरं का. पायाळू जन्मलीस, फ्रॉक उलटा घालायचीस, पुस्तक मागून वाचायचीस. तुला इतकी वर्षं काय वाटत होतं कोण जाणे.

सात नंबरचा आकडा मला तोंडपाठ आहे. ०.०४ म्हो, म्हणजे पंचवीस ओहम. सगळ्यात वाईट खड्डा तो. निवृत्त होताना पानावर लाल खूण करून दिली होती, दुरुस्ती का झाली नाही? कुणी ते ०.०४ ओहम म्हणून वाचलं असेल, तर सगळ्यात वाईट खड्डा कागदावर सगळ्यात चांगला झाला असणार. ज्या गाढवाने हे केलं असेल त्याला लंबूच्या बायकोसमोर नेऊन उभा करा. माझ्या हाती लागला तर मी त्याची गय करणार नाही.

गुडघा ठीक आहे. जिना चढलो नाही, फक्त उतरलो.
तुझा हितचिंतक,
काका


१३ फेब्रुवारी

तीर्थरूप काकांस,
शि. सा. न. वि. वि.

ते गाढव मीच आहे.

तीन वर्षांपूर्वी सगळी रजिस्टरं संगणकात भरायचं काम माझ्या टेबलावर आलं होतं. उलटी नाल बघितल्याचं मला चांगलं आठवतं. हसले होते मी. शेजारच्या टेबलावरच्या बाईंना म्हटलंही की आमच्या काकांना आता सुलट-उलटही कळेना. आणि सगळीकडे ओहम टाइप केलं. आम्हाला झेरॉक्स दिल्या होत्या, त्यात लाल खूण काळीच आली. संगणकाने मोठे आकडे वर काढले. ते वाईट समजून दोन आणि पाच नंबरचे चांगले खड्डे खणून नवे केले. सात नंबर यादीत शेवटी गेला. साहेबांनी न बघता सही ठोकली.

तुम्ही मला जन्मभर त्याच नावाने हाक मारलीत, आणि मला वाटायचं म्हशीवरून मारता. एकदा तरी विचारलं असतं तर? काका, मला जेवण जात नाही. लंबूने माझ्या लग्नात मांडवातली सगळी वायरिंग केली होती आणि निघताना मला चिडवून गेला होता की आता नवऱ्याला शॉक देऊ नकोस.

वीस तारखेला समितीपुढे माझी साक्ष आहे. मी सगळं खरं सांगणार आहे. नोकरी जाईल बहुतेक. जाऊ दे. निदान तो फोटो उतरेल. तुम्ही रागावला असाल तर तसं लिहा, पण लिहा.

तुमची,
म्हो


१७ फेब्रुवारी

चि. म्हो हिस,
अनेक आशीर्वाद.

मागच्या पत्रात तोंडाला येईल ते लिहिलं, ते फाडून टाक. जेवत जा.

तू काही बोलू नकोस. मी समितीला रजिस्टर्ड पोस्टाने कळवलं आहे की ती खूण म्हणजे ओहमच, माझा हात थरथरत असल्याने उलटी पडली आणि आकडेही मीच चुकीचे घेतले. माझं आता काय वाकडं करणार आहेत? तुझ्यापुढे उभं आयुष्य आहे. तू माझ्या भावाची एकुलती एक लेक आहेस, त्याला मी शब्द दिलाय. साक्षीत एवढंच सांग की जे लिहिलं होतं ते टाइप केलं.

काळजी करू नकोस, मी आहे.
काका


१ मार्च

तीर्थरूप काकांस,
सा. न.

तुमचं पत्र मला एकवीसला मिळालं. साक्ष वीसला झाली.

मी सांगितलं की खूण म्होची होती, आकडे बरोबर होते, मी चुकीचं टाइप केलं. तुम्ही लिहिलंत की खूण ओहमची होती आणि आकडेच चूक होते. समितीने दोन्ही कागद शेजारी ठेवले आणि लिहिलं की काका-पुतणी एकमेकांना वाचवू पाहतात, सबब दोघांचंही म्हणणं विश्वासार्ह नाही आणि रजिस्टर पुरावा म्हणून धरता येत नाही. खड्डा तर अपघाताच्या दुसऱ्याच दिवशी घाईघाईने नवा केलाय, आता मोजणार काय? निष्कर्ष: हातमोजे नव्हते. प्रकरण बंद. मला साधी ताकीदसुद्धा नाही.

काका, मला तुमचा संताप आलाय. आयुष्यात एकदाही आकडा खोटा लिहिला नाहीत म्हणून मिरवलंत, आणि लिहिलात तो नेमका आत्ता! मला वाचवलंत तुम्ही. लंबूला मात्र आपण दोघांनी मिळून परत मारलं. फोटो तिथेच आहे.

म्हो


६ मार्च

चि. म्हो,

खरं आहे तुझं. माझ्यावर रागव, तेवढा तुझा हक्क आहे. समितीला परत लिहिलं की मी खोटं बोललो. दोन ओळींचं उत्तर आलं, प्रकरण बंद आहे.

मंगळवारी येतो. माझी स्वतःची वही घेऊन येतो, त्यात तेच आकडे आहेत. लंबूच्या बायकोकडे दोघं जाऊ. तू तुझं सांग, मी माझं सांगतो. या वेळी कुणीही कुणाला वाचवायचं नाही.

काका


२२ मार्च

तीर्थरूप काकांस,
शि. सा. न. वि. वि.

नीट पोहोचलात ना? गुडघा सुजला असेल, शेकत राहा.

त्या दिवशी लंबूच्या बायकोने आपल्याला चहा दिला आणि तुमच्याकडून ती खूण पाटीवर चार वेळा काढून घेतली. तेव्हा मला वाटलं, बिचारीला काही समजलं नसावं. तिला सगळं समजलं होतं. दुसऱ्या दिवसापासून ती रोज सकाळी फोटोखाली खडूने लिहिते: 'सात नंबर, पंचवीस ओहम'. बस, एवढंच. दहा वाजता वॉचमन ओलं फडकं घेऊन पुसतो. दुसऱ्या दिवशी ती पुन्हा लिहिते. येणारे-जाणारे विचारायला लागलेत की पंचवीस म्हणजे काय. ती त्यांना माझ्या टेबलाकडे पाठवते.

मी प्रत्येकाला सांगते आहे. साहेबांनी काल बोलावून विचारलं की नोकरी नकोशी झाली आहे का. मी म्हटलं, विचार करून सांगते.

आज ती तापाने आडवी आहे. म्हणून सकाळी मी लिहिलं. खाली एक ओळ वाढवली, 'चुकीचं टाइप करणारी मी', आणि माझी सही केली. वॉचमन फडकं घेऊन आला, वाचलं, माझ्याकडे बघितलं आणि पुसलं. उद्या परत लिहीन.

तुमच्या आशीर्वादावर उभी असलेली,
म्हो