टाकीतला वाळा

आई, मला वास येत नाही. लहानपणापासूनच येत नाही, आणि हे मी तुला कधी कळू दिलं नाही. उन्हाळ्यात तू माठात वाळ्याची जुडी सोडायचीस, पहिला पेला माझ्या नाकाशी धरायचीस आणि म्हणायचीस, "हुंगून बघ." मी डोळे मिटून छान म्हणायचो. तुझा चेहरा एवढा खुलायचा की दुसरं काही म्हणायची सोयच नव्हती. पुढे मी सगळा संसार कानांवर चालवला. इंजिन बंद पडायच्या आधी खोकतं, सिनेमाचं रीळ तुटायच्या आधी कुरकुरतं. हे मला इतरांच्या आधी ऐकू यायचं. त्याच जोरावर दुसऱ्याच्या तंबूत सिनेमाचं यंत्र चालवणारा मी लष्कराच्या लिलावातली जुनी लॉरी घेऊन स्वतःचा तंबू गावोगाव नेऊ लागलो. ती लॉरी तू पाहिली नाहीस. मागे पत्र्याचं खोकं, त्यात दोन बाकं, एक स्टोव्ह आणि छताखाली पाण्याची टाकी. तुझी सून लग्न होऊन तळे गावच्या माहेराहून थेट त्या खोक्यात राहायला आली.

रेवदंड्याच्या अलीकडे, दोन्ही बाजूंना मिठागरं आणि मधून बांधासारखा रस्ता, तिथे गाडीच्या स्प्रिंगचा पाटा तुटला. नवा मुंबईहून लाँचने येणार, तोवर जागचं हलायचं नाही. यंत्र, तंबू, सगळं गाडीत. सोडून जायचं तरी कसं? चहूकडे पाणी, पण खारं. गोडं तेवढं टाकीत. पत्रा तापायचा, आणि संध्याकाळी डास नकोत म्हणून दार लावलं की आम्ही दोघं डब्यात बंद. त्यात तिला दिवस गेलेले. ती पेला तोंडाशी न्यायची आणि खाली ठेवायची. म्हणाली, पाण्याला नासक्या अंड्यासारखी घाण येते. मी तेच पाणी गटागटा प्यायचो. तिला म्हटलं, अशा दिवसांत बायकांना सगळ्याचाच वास येतो.

मग मला तुझा माठ आठवला. रेवदंड्याच्या बाजारातून वाळ्याची चांगली जाड जुडी आणली आणि टाकीच्या तोंडातून आत कोंबली. तोंड एवढंसं, की हात आत जात नाही. तू ती जुडी रोज काढून उन्हात टाकायचीस, हे मी शंभरदा पाहिलं असेल. ध्यानात राहिला तो फक्त तुझा चेहरा. वाळा आत कुजला. मी बाकावर आडवा पडलोय आणि तिचा श्वास ऐकतोय. ती तोंडाने श्वास घेतेय. ओठ फुटलेत, लघवीला जाते ती घटकाभर कळवळत बसते. मला घाण येत नाही आणि तिला दुसरं काही येत नाही, आणि दोघांना मिळून एकच खोकं.

मिठाची बैलगाडी रेवदंड्याकडे निघाली होती, तिच्यात ती माहेरी जायला गाठोडं घेऊन बसली. वर चढल्यावर शांतपणे म्हणाली, "पानी गोड झालं तर न्यायला या. न्हायतर येऊ नका."

टाकी वाजवून पाहिली. वर खणखणीत, तळाशी बद्द. पत्रा कापून डोकं जाईल एवढं झाकण पाडलं, तेव्हा मूठमूठ काळा गाळ निघाला. राख आणि काथ्याने घासली, चुन्याचं पाणी भरून ठेवलं, ओतून दिलं, उन्हात उघडी टाकली, रेवदंड्याहून पिंपं मागवून ताजं पाणी भरलं. मग डोकं आत घातलं. माझाच श्वास घुमला, बाकी काही नाही. आता वास गेला की नाही, हे विचारू कुणाला? पाटा बसवायला आलेल्या मिस्त्रीला पाजलं. उन्हातून आलेला तो, पेला रिकामा करून म्हणाला, पानीच हाय की.

तरी तेच पाणी तिच्यापुढे न्यायचा धीर झाला नाही. तळे गावाच्या वेशीवर गाडी थांबवली, विहिरीवरून कळशी भरली आणि टाकीचं पाणी म्हणून तिच्यापुढे नेऊन ठेवली. तिने एक घोट घेतला.

"ह्ये आमच्या विहिरीचं हाय."

सासरे मिशीत हसले. मी तिला अंगणाच्या कडेला नेऊन नाकाचं सांगितलं. जन्मात पहिल्यांदा कुणाला तरी सांगत होतो.

"म्हंजे इतके दिस मला येडी ठरवलीत."

मी मान खाली घातली. ती सरळ गाडीत चढली, टाकीत डोकं घातलं. म्हणाली, "चुना येतोय. आजून दोनदा धुवा. मंग बघू." तिच्या बापाच्या अंगणात, सगळ्या आळीसमोर मी टाकी धुतली. तिसऱ्यांदा तिने हुंगली आणि गाठोडं आत ठेवलं.

तेव्हापासून आमच्या घरचं नाक ती. दूध, मासळी, मुलांचे कपडे, सगळं आधी तिच्याकडून जातं. फक्त गेल्या पावसाळ्यातल्या तापानंतर ती हुंगायला जरा जास्त वेळ लावते. परवा चुलीवर आमटी करपली. तळ धरल्याचा आवाज मला बाहेरच्या ओट्यावर आला. ती चुलीशेजारीच तांदूळ निवडत बसली होती. मी आत जाऊन टोप खाली उतरवला आणि म्हटलं, भूक लागली म्हणून आलो. तिने पळीभर आमटी वर घेतली, हुंगली आणि म्हणाली, झक्कास झालीय. मी डोळे मिटून हो म्हटलं.