शालीवरचा चेहरा

३ जानेवारी

गुणवंतभाऊ माह्या भरतकामाच्या दुकानात आले. सोबत चार माणसं. एकाच्या हातात भाऊंचा फोटो असलेला मोबाइल, बाकीचे तिघं तो मोबाइल पाहाले. भाऊंले जिल्हा परिषदेचं तिकीट पाह्यजे. पक्षाचे निरीक्षक ब्रह्मपुरीले येणार, मोठा सत्कार ठेवला — आणि ज्याले ज्याले शाल देतील त्या प्रत्येक शालीवर भाऊंचा चेहरा! सत्कार दुसऱ्याचा, थोबाड यांचं. मी म्हटलं, "भाऊ, नुसतं नाव काढू का मशीनवर?"

"नाव कोन वाचते, रिना? चेहरा दिसला पाह्यजे."

बरं बाबा.

४ जानेवारी

फोटो सॉफ्टवेअरमध्ये टाकला. ते बिचारं दिसंल त्याचे टाके करते. कपाळाच्या आठ्या, डोळ्याखालच्या पिशव्या, सगळं इमानदारीनं टाक्यांत उतरवलं. एवढं इमानदार भाऊंच्या पक्षात कोनी नसन. टाके इतके दाट की शालीची घडी होईना.

५ जानेवारी

भाऊंनी नमुना पाह्यला. "हे म्हातारं कोन होय?"

चौघंही मान हलवून म्हणाले, "कोन होय?" — त्यांचं तं कामच ते.

"कम्प्युटर बिघडला तुझा. दुरुस्त कर."

६ जानेवारी

दुरुस्त करून राह्यली. आठ्यांचे टाके खोडले. केसांत पांढऱ्याच्या जागी काळा धागा. गळ्याखालचं लोंबतं कातडं माउसनं उडवलं.

८ जानेवारी

भाऊ खुर्ची ओढून माझ्या बाजूलेच बसले. "डोळे मोठे कर." "मिशी बारीक." माउसच मागत होते! चहा पाजला तेव्हा हात थांबला. शेवटी स्क्रीनकडे पाहून म्हणाले, "आता दिसलो मी." आणि रुमाल डोळ्याले लावला. दर वेळी पक्षानं "पुढच्या वेळी पाहू" म्हटलं म्हणे. "यावेळी नाई तं कधीच नाई, रिना." माया आली मले, खरं सांगते.

१० जानेवारी

मशीनवर शाली निघून राह्यल्या. शेजारच्या बायनाबाईनं एक उचलून पाह्यली. "काऊन वं, आदेशचं लगन जुळलं का?"

आदेश म्हणजे भाऊंचा पोरगा. आधी हसली मी, मग पाह्यलं तं खरंच आदेश. लगेच भाऊंले फोन लावला.

"माहाच पोरगा तो. माह्यासारखा नाई दिसन तं कोनासारखा?" आणि फोन ठेवला.

१४ जानेवारी

सत्कार झाला. निरीक्षकांनी खांद्यावरची शाल उलगडली, नीट पाह्यली. "हा तरुण कोण? छान आहे. बोलवा ना." आदेश मागं खुर्च्या लावत होता. त्याले घामेजल्या शर्टावरच स्टेजवर नेलं. भाऊंचं भाषण अर्ध्यातच राह्यलं.

१८ जानेवारी

तिकीट आदेशले. प्रचाराचा नारळ आज फुटला. पहिला सत्कार 'ज्येष्ठ मार्गदर्शक' गुणवंतरावांचा. उरलेल्या शालींतली एक पोरानं बापाच्या खांद्यावर टाकली, आणि भाऊंनी हात जोडले.